घरचं बारोस लुको

त्या शनिवारी दुपारी एलिओदोरो आहुमादाने भर दुकानात आपल्या सँडविचचा वरचा पाव उचलला, आत बोट घातलं आणि चीज गार असल्याचं जाहीर केलं. जाहीर केलं म्हणजे अक्षरशः जाहीर केलं. चौतीस वर्षं त्याने सांतियागोतल्या एका नोटरीच्या कचेरीत लोकांना त्यांचेच दस्तऐवज मोठ्याने वाचून दाखवण्याची आणि खिडकीत बसून त्यांच्या सह्या तपासण्याची नोकरी केली होती. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली, तरी आवाज अजून निवृत्त झाला नव्हता.

"हे काय आहे?" त्याने विचारलं.

काउंटरपलीकडच्या नव्या मालकाने दाढीवरून हात फिरवला. "बारोस लुको आहे, सर."

"बारोस लुको काय असतं ते मला सांगता? तव्यावरचं कढत मांस, त्यावर चीज, आणि ते चीज मांसाच्या अंगावर वितळलेलं! हे वितळलेलं नाही. हे मांसाच्या शेजारी नुसतं बसलंय. बसमध्ये दोन अनोळखी माणसं बसतात तसं!"

या सँडविचला देशाच्या एका जुन्या राष्ट्राध्यक्षाचं नाव आहे. राष्ट्राध्यक्षाच्या नावाची अशी थट्टा दुसऱ्या कुठल्या देशात खपवून घेतली असती का, असाही सवाल एलिओदोरोने त्याच दमात केला. (दुसऱ्या देशांत राष्ट्राध्यक्षांची नावं रस्त्यांना देतात आणि मग त्या रस्त्यांना खड्डे पडतात, हे त्याच्या ध्यानात आलं नाही.)

मालक शांत होता. रागावलेल्या माणसाला समोरच्याच्या शांतपणाइतकं दुसरं काही झोंबत नाही.

"आता असंच करतात, सर," मालक म्हणाला. "पटत नसेल तर घरी करून खा."

इथवरही निभावलं असतं. पण शेजारच्या स्टुलावर बसलेली ओरियाना, म्हणजे एलिओदोरोची छत्तीस वर्षांची बायको (वय नव्हे, संसार), त्याच क्षणी हसली. ती म्हणते खोकला आला. हसू की खोकला, याचा निकाल पुढे आठवडाभर लागला नाही.

"करीनच!" एलिओदोरो स्टुलावरून उठला. "येत्या शनिवारी! दुपारी एक वाजता! माझ्या घरी!"

आणि दस्त झाला की साक्षीदार हवा या जुन्या सवयीने त्याने इकडेतिकडे पाहिलं. ओरियानाचा भाऊ वेन्सेस्लाओ तोंडात घास धरून बसला होता. त्याला तिथल्या तिथे आमंत्रण गेलं. घरी पोचेपर्यंत राग उतरला नव्हता, म्हणून इमारतीच्या दारावरचा रखवालदार सेगुंदो यालाही गेलं. जिन्यात दुसऱ्या मजल्यावरच्या सेन्योरा ग्रिसेल्दा भेटल्या. त्या इमारतीच्या समितीच्या अध्यक्षा आणि एलिओदोरोच्या घराच्या नेमक्या खाली राहणाऱ्या. त्यांनाही गेलं.

"येईन की," ग्रिसेल्दाबाई म्हणाल्या. "पण आवाज नको हं, डॉन एलिओ. धूरही नको." (तिकडे 'डॉन' म्हणजे आपलं 'राव'.)

आता हे सांगायला हवं की स्वयंपाकघराशी एलिओदोरोचा संबंध बाटल्यांची झाकणं उघडण्यापुरता होता. काडी कुठल्या खणात असते हेही त्याला ठाऊक नव्हतं. पण जगात जे जे चुकीचं केलं जातं ते ते आपल्याला बरोबर येतं, अशी रागीट माणसाची एक श्रद्धा असते. तिच्या बळावर सोमवारी सकाळी तो खाटकाकडे जाऊन उभा राहिला.

"पातळ काप पाहिजेत."

"किती पातळ?"

"पलीकडे वर्तमानपत्र धरलं तर वाचता यावं इतके."

"मथळे की छोट्या जाहिराती?" खाटकाने गंभीरपणे विचारलं. मग कळलं की कापायचं यंत्र बिघडलंय, आणि दुरुस्तीवाला 'उद्या' येतो म्हणून गेलाय तो गेल्या महिन्यात. "अख्खा तुकडा न्या साहेब. घरी कापा, लाकडी हातोडीने कुटा. मांस म्हणजे काय, जितकं बडवाल तितकं ऐकतं."

हे तत्त्वज्ञान एलिओदोरोला फार पसंत पडलं.

इमारतीत बातमी त्याच्याआधी पोचली होती. पिशवी घेऊन तो खालच्या दारापासून तिसऱ्या मजल्यापर्यंत चढला, तेवढ्यात त्याला पाच सल्ले मिळाले. पाव सकाळचा ताजा हवा. पाव कालचाच हवा, ताजा लगदा होतो. मांस रात्रभर दुधात ठेवा. दुधात? मांसाचं काय बाळंतपण आहे? बिअरमध्ये ठेवा. चौथ्या मजल्यावरचा निवृत्त शिक्षक तर म्हणाला, चीज किसून घ्यायचं. त्यावर एलिओदोरोने त्याला जिन्यात थांबवून दहा मिनिटं सांगितलं की चीज किसणारा माणूस उद्या देशाची घटनासुद्धा किसेल. शिक्षक नंतर आठवडाभर दुसऱ्या जिन्याने जाऊ लागला. दुसरा जिना नव्हता. तो घरातच बसला.

मंगळवारी कुटणं सुरू झालं. लाकडी हातोडी सापडली नाही, आणि ओरियानाला विचारणं म्हणजे पहिल्याच दिवशी शरणागती. म्हणून त्याने कपाटातून चपला दुरुस्तीची हातोडी काढली. धाड, धाड, धाड. मांस ऐकेना. धाड, धाड. मग खालून ठक ठक असा आवाज आला. एलिओदोरोला वाटलं, कुणीतरी प्रोत्साहन देतंय. तो उत्तरादाखल ताल धरून कुटू लागला. खाली ग्रिसेल्दाबाई झाडूच्या दांड्याने छत बडवत होत्या, हे त्याला दुपारी समजलं. सेगुंदोने दाराशी ठेवलेली तक्रारवही त्याच्यापुढे उघडून धरली तेव्हा. तिच्यात लिहिलं होतं:

"तीनशे दोनमध्ये सकाळपासून कुणाचा तरी खून चालू आहे. तो एकदाचा पूर्ण करावा."

"हे काय लिहिणं झालं?" एलिओदोरो ओरडला. "तारीख कुठाय? वेळ कुठाय? खुनाचा पुरावा?" त्याने खिशातून लाल पेन काढलं, दोन अशुद्ध शब्द दुरुस्त केले आणि खाली शेरा मारला: "अर्ज अपूर्ण असल्याने फेटाळण्यात येत आहे."

सेगुंदो हळूच म्हणाला, "डॉन एलिओ, वही समितीची आहे."

"मग समितीला लिहायला शिकवा!"

ग्रिसेल्दाबाईंनी तो शेरा वाचला. वाट बघू लागल्या.

त्यांना फार थांबावं लागलं नाही. बुधवारी सकाळी, ओरियाना बाजारात गेलेली पाहून, एलिओदोरोने पहिली चाचणी घेतली. तवा असा तापला पाहिजे की मांस पडताक्षणी किंचाळलं पाहिजे, असं त्याने कुठेतरी ऐकलं होतं. म्हणून त्याने कोरडा तवा मोठ्या आचेवर ठेवला आणि पाव आणायला खाली गेला. पावाच्या दुकानात रांग होती, आणि रांगेत एकजण घुसला होता, आणि घुसलेल्या माणसाला नागरिकशास्त्र शिकवल्याशिवाय परत येणं एलिओदोरोला शक्य नव्हतं. तो वर आला तेव्हा तवा काळा नव्हता, निळा झाला होता. त्याने घाईने तेल ओतलं. घरात ढग उतरला. त्या ढगात त्याने मांस टाकलं, ते खरोखरच किंचाळलं. चीज टाकलं, ते वितळलंही. पण मांसावर नाही, शेगडीवर. मग सगळा धूर, स्वतःचा काही गुन्हा नसल्यासारखा, निवांतपणे जिन्याने खाली ग्रिसेल्दाबाईंकडे गेला.

या वेळी त्यांनी वहीत लिहिलं नाही. थेट इमारतीच्या व्यवस्थापकाला फोन केला. दुपारीच गॅसतपासनीस दारात उभा. सडपातळ, नम्र, हातात एक यंत्र. नम्र माणूस यंत्र घेऊन आला की समजावं, आपलं काही खरं नाही.

त्याने शेगडी पाहिली, नळी पाहिली, मग भिंतीच्या तळाशी वाकला. तिथे हवा खेळायला एक जाळी असते. त्या जाळीवर पुठ्ठा चिकटवलेला होता. जुन्या कॅलेंडरचा, वर एक धबधबा.

"ही जाळी कुणी बंद केली?"

"थंडीने," एलिओदोरो म्हणाला.

"थंडीने चिकटपट्टी लावली?"

दोन हिवाळ्यांपूर्वी ती एलिओदोरोनेच लावली होती, आणि त्या वेळी त्याला स्वतःचा फार अभिमानही वाटला होता. तपासनीसाने वहीत काहीतरी लिहिलं आणि म्हणाला, एका घरात असं असेल तर सगळीच घरं बघावी लागतील. सोळा घरं बघितली. अकरा जाळ्या बंद निघाल्या. कुठे चिंध्या, कुठे उशी. ग्रिसेल्दाबाईंच्या जाळीवर तर संत तेरेसाची तसबीर, आणि तिच्यापुढे मेणबत्ती. मेणबत्ती पाहून तपासनीसाने बराच वेळ डोळे मिटून घेतले.

सात वाजता इमारतीच्या दारावर लाल शिक्क्याचा कागद लागला. सगळ्या इमारतीचा गॅस बंद. भर जुलै महिना, म्हणजे तिकडचा ऐन हिवाळा, पहाटे गवतावर पांढरं दव गोठतं तो काळ, आणि सोळा घरांत अंघोळीला बर्फाचं पाणी.

न्याय पाहा. अकरा गुन्हेगार होते. पण ज्याच्यामुळे सापडले तो एकच, म्हणून दोषीही एकच. दुसऱ्या दिवशी जिन्यात कुणी त्याच्याशी बोलेना. चौथ्या मजल्यावरचा शिक्षक तेवढा दार किलकिलं करून म्हणाला, "किसलं असतं तर लवकर वितळलं असतं." आणि दार लावून घेतलं.

"कृतघ्न लोक!" एलिओदोरो घरात येरझाऱ्या घालत होता. "माझ्या सँडविचमुळे यांचे जीव वाचले! झोपेत गुदमरून मेले असते सगळे! आभार मानायचे सोडून..."

ओरियाना विजेच्या किटलीत पाणी तापवत होती. एक किटली झाली की बादलीत ओतायची, पुन्हा भरायची. बुधवारपासूनच ती फारसं बोलत नव्हती, पण एलिओदोरोला ते जाणवलं नव्हतं. त्या घरात त्याच्या आवाजामुळे बोलण्याची जागा रिकामी राहतच नसे.

गॅस परत मिळवायचा तर प्रत्येक घरमालकाने जाळी उघडी ठेवण्याचं एक हमीपत्र नोटरीसमोर सही करून द्यायचं होतं. हे ऐकून एलिओदोरो आठवड्यात पहिल्यांदा हसला. नोटरी! म्हणजे आपलंच घर! शुक्रवारी सकाळी टाय बांधून तो आपल्या जुन्या कचेरीत गेला, रांग ओलांडून थेट खिडकीशी.

"नंबर घ्या," खिडकीतली बाई मान वर न करता म्हणाली.

"मी एलिओदोरो आहुमादा. या खुर्चीत मी..."

"नंबर घ्या."

त्याने नंबर घेतला. दीड तास बसला. बसल्या बसल्या रागाने त्याचे हात थरथरू लागले. आणि नंबर लागल्यावर त्याच थरथरत्या हाताने त्याने सही केली. बाईने कागद ओळखपत्राशेजारी धरला.

"सही जुळत नाही."

"माझीच सही आहे!"

"पुन्हा करा."

पुन्हा केली. ती पहिलीसारखी नव्हती आणि ओळखपत्रावरच्यासारखीही नव्हती. तिसरी केली. ती कुणासारखीच नव्हती. पेनाचं टोक कागदातून आरपार गेलं होतं.

"घरी जाऊन शांत व्हा आणि सोमवारी या," बाई म्हणाली.

हे वाक्य त्याने स्वतः त्या खिडकीतून किती विधवांना, किती शेतकऱ्यांना, किती हात थरथरणाऱ्या म्हाताऱ्यांना ऐकवलं होतं. त्या क्षणी त्याला त्यांतला एकही चेहरा आठवला नाही. आठवायला हवा होता. पण रागात माणसाला फक्त स्वतःचाच चेहरा दिसत असतो.

शनिवार उजाडला. गॅस नाही, आणि एक वाजता पाहुणे. वेन्सेस्लाओ तर अकरालाच आला, कारण फुकट तमाशाला तो आयुष्यात कधी उशिरा गेला नव्हता.

"भावोजी, रद्द करा ना," तो सोफ्यावर पाय पसरून म्हणाला. "जाऊ दे. माणसाने आपली मर्यादा ओळखावी."

"मर्यादा!" एलिओदोरोने मांसाची थाळी उचलली, चीज बगलेत मारलं, पावाची पिशवी दातांत धरली आणि जिना उतरू लागला. कुठे जायचं हे त्याला माहीत नव्हतं. पण रद्द म्हणणाऱ्या माणसाच्या खोलीत थांबायचं नव्हतं, एवढं पक्कं होतं.

खाली सेगुंदो आपल्या खोपटात कोळशाच्या शेगडीशी हात शेकत बसला होता. त्याने थाळीकडे पाहिलं, मग एलिओदोरोच्या तोंडाकडे.

"डॉन एलिओ, माझ्याकडे नांगराची तबकडी आहे."

"काय?"

"लोखंडी. गावाकडे आम्ही शेतावर तिच्यावरच भाजतो सगळं. तुमच्या तव्याला जन्मात जमणार नाही अशी तापते. घ्या."

इमारतीच्या अंगणात कोळसे पसरले गेले, वर ती परातीएवढी काळी तबकडी बसली. अंगणात आग लावायला नियमाने बंदी होती. पण तीन दिवस गारठलेल्या इमारतीला निखाऱ्यांचा वास आला, आणि दारं उघडू लागली. आधी नुसते डोकावले. मग एकाने खुर्ची आणली. अर्ध्या तासात सगळे रहिवासी टोप्या-शाली गुंडाळून आगीभोवती बसले होते. शिक्षकही आला. ग्रिसेल्दाबाई ब्लँकेट पांघरून आल्या, नियमभंग होतोय हे मोठ्याने सांगितलं, आणि निखाऱ्यांच्या सर्वांत जवळची जागा पकडली.

ओरियाना सर्वांत शेवटी आली. केस ओले होते.

एलिओदोरोने मांस टाकलं. चर्र झालं. कुटून कुटून ते कुठे कागदाएवढं, कुठे बुटाएवढं झालं होतं, पण वास मात्र असा सुटला की क्षणभर कुणी कुणाला दोष देईना. त्याने चीजचे जाड काप वर ठेवले, सेगुंदोचं पातेलं पालथं घातलं आणि श्वास रोखला.

"वरून अवोकाडो घाला, भावोजी," वेन्सेस्लाओ म्हणाला.

"काय म्हणालास?"

"अवोकाडो. कुस्करून. मऊ लागतं."

"अवोकाडो घातला की ते दुसरं सँडविच होतं! त्याला दुसरं नाव आहे!" एलिओदोरोने उलथणं उगारलं. "बारोस लुको म्हणजे मांस आणि चीज! मांस! आणि! चीज! इतकी साधी गोष्ट या देशात कुणालाच का कळत नाही?"

पातेलं उचललं. चीज वितळलं होतं. मांसाच्या अंगावर, कडेने ओघळत, नीट, हवं तसंच. एलिओदोरोचे डोळे भरून आले (कोळशाचा धूर होता, असं त्याने नंतर सांगितलं). त्याने पाव फोडला, मांस आत सरकवलं, आणि ते पहिलं सँडविच दोन्ही हातांत धरून, दस्त नोंदवल्यासारखं, ओरियानापुढे केलं.

"बघ! वितळलंय!"

ओरियानाने त्याच्याकडे पाहिलं.

"मला चीज आवडत नाही," ती म्हणाली.

अंगणात निखारा तडकल्याचा आवाज आला.

"कधीपासून?"

"जन्मापासून."

"पण दर शनिवारी आपण... छत्तीस वर्षं..."

"तू सांगायचास, म्हाताऱ्या. आत शिरतानाच. बोटं वर करून. 'दोन!' मला कधी विचारलंस?" तिचा आवाज चढला. तो कधी चढत नसे, म्हणून सगळे सरसावून बसले. "मी खाल्लं. कारण शनिवारी तू माझ्याशी बोलायचास. तोंडात घास असायचा, पण बोलायचास. बाकीचे सहा दिवस तू नुसता ओरडतोस. मी रोज रांधते. कधी म्हणालास, ओरियाना, हे असंच हवं होतं? एका दुकानाच्या गार चीजसाठी तू आख्खी इमारत थंडीत बसवलीस. तीन दिवस मी किटली-किटलीने पाणी तापवून तुझ्या अंघोळीची बादली भरतेय. माझी भरेपर्यंत तुझी गार होते, मग पुन्हा तुझी. तुला माहीत तरी आहे का?"

त्याला माहीत नव्हतं. बादली भरलेली असायची. बादल्या भरलेल्याच असतात असं त्याला वाटत आलं होतं.

तो रागावायला निघाला. सवयच ती. त्याने वेन्सेस्लाओकडे पाहिलं, ग्रिसेल्दाबाईंकडे पाहिलं, शिक्षकाकडे पाहिलं. पण या खेपेस राग ठेवायला कुणाच्याही तोंडावर जागा सापडेना. मग खोल, बसलेल्या आवाजात म्हणाला,

"मग तुला काय आवडतं?"

ओरियाना गोंधळली.

"कांदा," ती थोड्या वेळाने म्हणाली. "चांगला तांबूस होईपर्यंत परतलेला. आणि तिखट मिरची."

"सेगुंदो! कांदा!"

"पण भावोजी," वेन्सेस्लाओला राहवेना, "चीज नसलं तर ते बारोस लुको..."

"नाव विचारलं तुला कुणी?" एलिओदोरो असा गरजला की चौथ्या मजल्यावरची कबुतरं उडाली. "तुझ्या बहिणीला भूक लागलीय आणि तू नाव काय घेऊन बसलास, गाढवा?"

कांदा तांबूस व्हायला वेळ लागतो, हे एलिओदोरोला वयाच्या एकसष्टाव्या वर्षी समजलं. घाई केली की करपतो. त्याने दोनदा बोट भाजून घेतलं. मागे पाहुणे कुरकुरू लागले, आमचं कधी, आम्हाला कधी. एकाने घड्याळ दाखवलं.

"नंबर घ्या!" एलिओदोरो मागे न बघता ओरडला, आणि कांदा हलवत राहिला.

या सगळ्या गडबडीत ते पहिलं, छान वितळलेलं सँडविच कुठे गेलं, याची कुणाला आठवण राहिली नाही. ग्रिसेल्दाबाई ब्लँकेटच्या आत तोंड घालून बराच वेळ गप्प होत्या, एवढंच.

शेवटी पाव भरला. मांस, कांदा, मिरची. चीज नाही. एलिओदोरोने ते ओरियानाच्या हातात दिलं, आणि या वेळी काही जाहीर केलं नाही. ती निखाऱ्यांशी बसून खाऊ लागली. मांस चिवट होतं. ती चावत राहिली. सगळं अंगण तिच्या जबड्याकडे बघत होतं. एलिओदोरो उलथणं छातीशी धरून उभा होता, खिडकीसमोर नंबर लागलेल्या माणसासारखा.

तिने शेवटचा घास गिळला, बोटं पुसली.

"अजून एक कर," ती म्हणाली. "आणि या वेळी मीठ घाल."